रेतीचोरीत पकडलेला ट्रॅक्टर महिनोन्‌महिने तहसीलच्या आवारात, सुनावणीच नाही; कोर्टात जाता येतं का?

हो, जाता येतं. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48(8) प्रमाणे जप्त वाहन 48 तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या उपजिल्हाधिकाऱ्यापुढे हजर करावंच लागतं. दंड आणि बंधपत्र (लेखी हमी) घेऊन ते सोडताही येतं. आधी लेखी अर्ज द्या, शिक्क्याची पोच घ्या. ती पोच जपाच. तरीही फाइल हलली नाही, तर उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली याचिका करा. मुदत ठरवून निर्णय द्यायचा आदेश मिळू शकतो.

आमच्याकडे वैनगंगेच्या घाटावरचा एक ट्रॅक्टर दोन पावसाळे उभा होता. टायर मातीत रुतले, सीट फाटून त्यात गवत उगवलं, कर्जाचे हप्ते मात्र सुरूच. रेती चोरली तर दंड व्हावाच, पण निर्णय वेळेत द्या ना!