डाळिंब लावलंस, आता माणसं जोड

डाळिंब बागायतदारांच्या गटात आलास, बरं झालं. प्रश्न विचारताना माहिती पुरी दे. 'फळावर डाग पडलेत, काय मारू?' एवढ्यावर कुणीही औषधाचं नाव सांगेल आणि तुझे पैसे जातील. बागेचं वय, जमीन, बहार (म्हणजे फुलांचा हंगाम) कोणता धरलास, शेवटची फवारणी कधी, पाऊस कधी झाला, सगळं लिही. असे डाग पाडणारा तेल्या रोग जिवाणूंमुळे होतो. पावसाच्या शिंतोड्यांनी, रोगट रोपांनी, छाटणीच्या कात्रीनेही पसरतो. म्हणून शेजारच्या बागांत काय चाललंय ते वेळेवर कळणं फार मोलाचं.

फक्त सांगोल्याच्या लोकांत राहू नकोस. एकाच शिवारातल्या माणसांना बहुतेक तेच ते ठाऊक असतं. अक्कलकोटकडचे बरेच शेतकरी घरी कन्नड बोलतात. दोन्ही भाषा येणारा एखादा गाठ. इकडचा अनुभव तिकडे आणि तिकडचा इकडे तोच पोहोचवतो. अशी माणसं मला गटाचा कणा वाटतात.

ऐकलेलं मात्र पारखून घे. आपल्या सोलापूरजवळच्या केगावला २००५ पासून राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे. शंका आली तर तिथल्या तज्ज्ञांना विचार आणि त्यांचं उत्तर गटात सांग. उपाय लागू पडला नाही, तरी सांग. फसलेल्या फवारणीबद्दल लोक गप्प बसतात, मग तोच खर्च दुसऱ्या गावात पुन्हा होतो.

हस्त बहार (सप्टेंबर-ऑक्टोबरचा) धरायच्या आधी माती-पाण्याच्या तपासणीचा अहवाल टाक, मग खतांचं बोलू.