अमेरिकेच्या महिला फुटबॉल लीगचा एकच जुना सीझन समजून घ्यायचा तर कोणता?

तुम्ही विचारलंय की वर्ल्ड कप सोडला तर महिला फुटबॉल फारसं पाहिलेलं नाही, आता अमेरिकेची एनडब्ल्यूएसएल पाहायला सुरुवात करायची आहे, तर जुन्या सीझनपैकी आधी कोणता नीट समजून घ्यावा.

बरेच जण तुम्हाला 2024 सांगतील, आणि ते चुकीचं नाही. ऑर्लँडो प्राइडने त्या वर्षी 26 सामन्यांत फक्त 2 गमावले, शिल्ड (साखळीत पहिलं येण्याचा मान) आणि चॅम्पियनशिप (प्लेऑफची फायनल) दोन्ही जिंकलं, आणि 38 वर्षांच्या मार्ताने सेमीफायनलमध्ये बचावपटूंना चकवत असा गोल केला की तो मी आजही काढून बघतो. नुसता खेळ बघायचा असेल तर तिथूनच सुरुवात करा. पण तुम्ही ‘समजून घ्यावा’ असं लिहिलंय, म्हणून माझं उत्तर 2021. त्या सीझनला सगळे ‘घोटाळ्याचा सीझन’ म्हणतात. मला ते नाव मान्य नाही. का, ते सांगतो.

थोडं मागे जावं लागेल. अमेरिकेत याआधी महिलांच्या दोन व्यावसायिक लीग निघाल्या होत्या. एक 2001 मध्ये सुरू झाली, दुसरी 2009 मध्ये. दोन्ही तीन-तीन सीझन चालल्या आणि बंद पडल्या. एनडब्ल्यूएसएल 2013 मध्ये सुरू झाली ती ही भीती उराशी घेऊनच. ‘लीग आहे हेच खूप, उगाच आवाज केला तर हीसुद्धा जाईल’ ही भावना खेळाडूंच्या मनात किती खोल होती, हे लक्षात घेतल्याशिवाय 2021 कळणार नाही. पहिल्या सीझनला किमान पगार होता वर्षाला 6,000 डॉलर. 2021 पर्यंत तो 22,000 झाला होता. इतक्या पैशात अमेरिकेत भागत नाही, त्यामुळे सराव संपला की खेळाडू लहान मुलांना फुटबॉल शिकवायला, मुलं सांभाळायला, पार्सलं पोचवायला जायच्या. क्लबने दुसरीकडे पाठवलं तर निमूट जायचं, कारण खेळाडूंच्या संघटनेचा लीगशी सामूहिक करारच नव्हता. त्या उन्हाळ्यात संघटनेने ही जोडधंद्याची वेळ संपवा म्हणून मोहीम सुरू केली होती. म्हणजे पुढे जे फुटलं, त्याआधीच वातावरण तापलेलं होतं.

आता सीझन. 10 संघ, प्रत्येकाचे 24 सामने, वरचे 6 प्लेऑफमध्ये. लुईव्हिलचा संघ नवा होता. सुरुवातीला बातम्या होत्या त्या नव्या मुलींच्या. वॉशिंग्टन स्पिरिटने ड्राफ्टमध्ये (क्लब आळीपाळीने नवे खेळाडू निवडायचे ती पद्धत) दुसऱ्या क्रमांकावर ट्रिनिटी रॉडमनला घेतलं, वय 18. मैदानात उतरल्यावर पाच मिनिटांत तिने पहिला गोल केला. पोर्टलंडमध्ये 15 वर्षांची ऑलिव्हिया मोल्ट्री थेट कोर्टात गेली, कारण 18 वर्षांखालच्या मुलीला करार द्यायचा नाही असा लीगचा नियम होता. मुलांच्या लीगमध्ये तिच्या वयाची पोरं खेळत होती, मग मुलींनाच अडवणं का, हा तिचा मुद्दा. कोर्टाने तिच्या बाजूने मनाई हुकूम दिला आणि जुलैमध्ये ती मैदानात उतरली. या प्रकरणाकडे एक वेगळी बातमी म्हणून पाहिलं जातं. मला वाटतं त्या वर्षी काय होणार आहे याची ती पहिली खूण होती: नियमाला कुणीतरी ‘का?’ विचारलं.

ऑगस्टमध्ये वॉशिंग्टन पोस्टने स्पिरिटचे कोच रिची बर्क यांच्याबद्दल छापलं. खेळाडूंशी शिवराळ, अपमानास्पद वागणूक असे आरोप होते. काइया मॅकलो नावाची खेळाडू नाव देऊन बोलली. बर्क यांचं पद गेलं. पाठोपाठ सप्टेंबरमध्ये कोविडचे नियम मोडल्यामुळे स्पिरिटला दोन सामने न खेळताच 0-3 असे गमवावे लागले. कोच नाही, गुण गेलेले, मालकांमध्ये भांडण. तेव्हा कुणी या संघाला धरून चालत नव्हतं.

मग 30 सप्टेंबर. ‘द अॅथलेटिक’ने नॉर्थ कॅरोलायना करेजचे कोच पॉल रायली यांच्याविरुद्ध सिनेड फॅरेली आणि माना शिम या दोन माजी खेळाडूंचं म्हणणं प्रसिद्ध केलं. लैंगिक जबरदस्तीचे आरोप होते. रायली यांनी बहुतेक आरोप नाकारले, पण क्लबने त्याच दिवशी त्यांना काढलं. संताप नुसत्या आरोपांवर नव्हता. शिमने 2015 मध्येच पोर्टलंड क्लबकडे तक्रार केली होती. क्लबने रायलींचा करार वाढवला नाही, पण कारण बाहेर आलं नाही, आणि ते दुसऱ्या संघात जाऊन विजेते कोच झाले. त्याच 2021 मध्ये या दोघींनी लीगला पुन्हा लिहिलं होतं, आणि त्यांना उत्तर मिळालं की ते प्रकरण बंद झालेलं आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय संघाची स्टार अॅलेक्स मॉर्गनने हे ईमेल सगळ्यांसमोर ठेवले. दुसऱ्याच दिवशी लीगच्या कमिशनर लिसा बेयर्ड पायउतार झाल्या. त्या वीकेंडचे सगळे सामने संघटनेच्या मागणीवरून रद्द झाले.

आता जे सांगतोय ते तुम्ही स्वतः पाहा. 6 ऑक्टोबरला खेळ पुन्हा सुरू झाला. त्या दिवशी तीन सामने होते. मी त्यातला गॉथम विरुद्ध वॉशिंग्टन हा सामना पुन्हा पुन्हा पाहिला आहे, तो पेनसिल्व्हेनियात चेस्टरला झाला. पाच मिनिटं नेहमीसारखी जातात. मग सहाव्या मिनिटाला खेळ थांबतो. कुणाला लागलेलं नाही, फाउल नाही. दोन्ही संघांच्या मुली चालत मधल्या वर्तुळाकडे येतात, बाकावरच्याही येतात, आणि हातात हात गुंफून गोल करून उभ्या राहतात. स्पिरिटची कोण, गॉथमची कोण, हे फक्त जर्सीवरून कळतं. कुणी काही बोलत नाही. साधारण मिनिटभराने गोल सुटतो आणि सगळ्या आपापल्या जागी जातात.

सहावंच मिनिट का, तर शिम, फॅरेली आणि इतरांचं म्हणणं ऐकून घ्यायला लागलेली सहा वर्षं. बाकीच्या दोन मैदानांवरही तेच झालं. संघटनेने त्याच दिवशी आठ मागण्यांची यादी लीगपुढे ठेवली. आदल्याच दिवशी स्पिरिटच्या खेळाडूंनी मालक स्टीव्ह बाल्डविन यांना जाहीर पत्र लिहून सांगितलं होतं की संघ सहमालक मिशेल कँग यांना विका. विचार करा, 22,000 डॉलरवर खेळणारी मुलगी मालकाला जाहीरपणे सांगते की तुम्ही जा. आधीच्या आठ वर्षांत हे कुणी स्वप्नातही आणलं नसतं.

एक छोटी गोष्टही झाली. फायनल पोर्टलंडला, तिथल्या वेळेने सकाळी 9 वाजता ठरली होती, कारण टीव्हीवर ती पूर्व किनाऱ्याच्या दुपारी दाखवायची होती. 9 ला सामना म्हणजे पहाटे उठून तयारी, आणि तीही कृत्रिम गवतावर. खेळाडूंनी विरोध केला आणि ऑक्टोबरच्या मध्यात फायनल लुईव्हिलला हलली. बाकीच्यापुढे ही किरकोळ बाब वाटेल, पण रोज खेळणाऱ्यांसाठी अशाच गोष्टींत आदर दिसतो.

साखळीत पोर्टलंड थॉर्न्स 44 गुणांनी पहिले आले, स्पिरिट 39 गुणांनी तिसरे. कोविडमुळे सोडलेल्या त्या दोन सामन्यांनंतर स्पिरिट मैदानावर एकदाही हरले नाहीत. प्लेऑफमध्ये नॉर्थ कॅरोलायनाविरुद्ध एक्स्ट्रा टाइममध्ये अॅशली हॅचचा गोल, 1-0. हॅचच त्या सीझनची 10 गोलांसह गोल्डन बूट विजेती. सेमीफायनलला ओएल रेनविरुद्ध आधी गोल खाल्ला आणि 2-1 जिंकले. दुसऱ्या बाजूने शिकागो रेड स्टार्सने पोर्टलंडला त्यांच्याच घरी 2-0 हरवलं.

फायनल 20 नोव्हेंबरला. शिकागोकडून रेचल हिलने हाफ टाइमच्या तोंडावर गोल केला. दुसऱ्या हाफमध्ये अँडी सलिव्हनने पेनल्टीवर बरोबरी साधली. रॉडमनचा एक फटका गोलपोस्टला लागून परत आला तेव्हा मला वाटलं, आज नशीब यांच्या बाजूने नाही. मग 97 वं मिनिट, एक्स्ट्रा टाइम. रॉडमन चेंडू घेऊन थोडी थांबते, मान वर करते आणि क्रॉस टाकते. तो सगळ्यांच्या डोक्यावरून लांबच्या पोस्टकडे जातो आणि तिथे केली ओ’हारा पोचलेली असते. ओ’हारा बचावपटू. वर्ल्ड कप जिंकलेली, पण या लीगचं विजेतेपद तिच्याकडे नव्हतं. हेडर, गोल, 2-1. 19 वर्षांच्या मुलीचा क्रॉस आणि 33 वर्षांच्या खेळाडूचं डोकं. उरलेला वेळ गोलरक्षक ऑब्री ब्लेडसोने सांभाळला, सामन्याची सर्वोत्तम खेळाडूही तीच ठरली.

त्याला परीकथेचा शेवट म्हणायला मन होतं, पण तसं झालं नाही. दुसऱ्याच दिवशी रात्री शिकागोचे कोच रोरी डेम्स यांनी राजीनामा दिला आणि पुढच्या दिवशी त्यांच्याबद्दलचे आरोपही छापून आले. ज्या मुली आदल्या दिवशी फायनल हरल्या, त्या हे सगळं मनात ठेवून खेळल्या होत्या. गैरवर्तनाच्या आरोपांमुळे त्या वर्षी पद गेलेले कोच मोजले तर 10 संघांपैकी 5 संघ होतात. निम्मी लीग. 2022 च्या ऑक्टोबरमध्ये माजी सरकारी वकील सॅली येट्स यांचा चौकशी अहवाल आला, 200 हून जास्त लोकांशी बोलून केलेला. त्यात म्हटलं होतं की हे एखाद्या क्लबपुरतं नाही, सगळ्या व्यवस्थेतच मुरलेलं आहे. 2023 च्या जानेवारीत रायली, डेम्स, बर्क आणि लुईव्हिलचे ख्रिस्टी हॉली यांच्यावर कायमची बंदी आली.

म्हणूनच ‘घोटाळ्याचा सीझन’ हे नाव मला खटकतं. त्या नावात आरोप झालेले लोक केंद्रस्थानी येतात. गैरप्रकार 2021 मध्ये सुरू झाले नव्हते, ते आधीपासून होतेच. 2021 मध्ये नवीन काय घडलं, तर खेळाडूंनी ‘लीग बुडेल’ ही भीती बाजूला ठेवली. आणि लीग बुडाली नाही. फायनलनंतर अडीच महिन्यांच्या आत, 31 जानेवारी 2022 च्या रात्री, पहिला सामूहिक करार झाला: किमान पगार 35,000 डॉलर, आणि ठरावीक वर्षं खेळलेल्यांना स्वतःचा क्लब निवडण्याचा हक्क. मार्चमध्ये स्पिरिट मिशेल कँग यांच्याकडे गेला. 2024 च्या करारात तर ड्राफ्टच रद्द झाला. ज्या ऑर्लँडोच्या सीझनबद्दल सुरुवातीला लिहिलं, तोही या पायावर उभा आहे.

पाहण्याचा क्रम विचाराल तर आधी चेस्टरच्या सामन्याची पहिली सात मिनिटं, मग थेट फायनल, पूर्ण 120 मिनिटं. हायलाइट्स नकोत, कारण बरोबरी होण्याआधी स्पिरिट किती वेळ धडका मारत होते ते त्यात दिसत नाही.

आणि 2021 नंतर 2023 चा सीझनही बघा, एका कारणासाठी. सिनेड फॅरेली 2016 मध्येच निवृत्त झाली होती. 2023 मध्ये, 33 व्या वर्षी, ती पुन्हा खेळायला आली. त्या उन्हाळ्यात आयर्लंडकडून वर्ल्ड कप खेळली, आणि नोव्हेंबरमध्ये तिच्या क्लबने एनडब्ल्यूएसएल जिंकली. तो क्लब होता गॉथम, चेस्टरला तिच्यासाठी त्या वर्तुळात उभ्या राहिलेल्या दोन संघांपैकी एक.