पिकअपचा फूड ट्रक केला, आरटीओ आरसीवर चढवत नाही: हायकोर्टाआधी काय करायचं

तुमचा प्रश्न असा की जुन्या पिकअपवर फूड ट्रकची बॉडी बांधली, आरटीओच्या खिडकीवर "हे होणार नाही" म्हणून कागद परत दिले, तर थेट हायकोर्टात जायचं का?

आत्ता जाऊ नका. आव्हान द्यायला तुमच्या हातात आदेशच नाही. अर्ज पुन्हा द्या, आवक शिक्क्याची पोच घ्या आणि नाकारणार असाल तर कारणं लेखी कळवा, असं त्याच अर्जात लिहा. मोहिंदर सिंग गिल खटल्यात (१९७८) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच तपासायचा. पुढे प्रतिज्ञापत्रातून नवी कारणं जोडता येत नाहीत. म्हणून त्या कागदासाठी हट्ट धरा.

लेखी नकार मिळाला की मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम ५७ खाली ३० दिवसांत अपील करता येतं. मुदत आदेश तुम्हाला मिळाल्यापासून मोजतात, तेव्हा पोस्टाच्या शिक्क्याचं पाकीट फेकू नका. अपिलाची सोय असताना हायकोर्ट सहसा रिट (सरकारी आदेशाविरुद्ध थेट हायकोर्टात केलेली याचिका) ऐकत नाही. म्हणणं न ऐकताच आदेश दिला किंवा अधिकारच नसताना दिला, तर गोष्ट वेगळी. सर्वोच्च न्यायालयाच्या व्हर्लपूल निकालात (१९९८) हे अपवाद आहेत. उद्या कलम ५३ खाली नोंदणी निलंबित केली, तर त्याआधी नोटीस येऊन तुम्हाला म्हणणं मांडायची संधी मिळाली होती का, हे आधी बघा.

आता खरी अडचण. आरटीओ विरुद्ध के. जयचंद्र या केरळच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१९ मध्ये स्पष्ट केलं की उत्पादकाच्या मूळ तपशिलाशी विसंगत होईल असा बदल कलम ५२ मुळे करता येत नाही आणि राज्याचे नियमही ती मुभा देऊ शकत नाहीत. सीएनजी किटला कायद्यातच सूट आहे, बॉडीला तशी नाही. त्यामुळे "इतरांना दिलं, मला का नाही" यावर अपील उभं करू नका.

तुमची जमेची बाजू एकच असू शकते. कलम ५२ च्या स्पष्टीकरणानुसार रचनेतल्या बदलाने गाडीचं मूळ स्वरूप बदललं, तरच तो 'फेरबदल'. हौदा न कापता ओटा, शेगडी, टाकी नटबोल्टने बसवली असेल आणि सगळं काढून ठेवता येत असेल, तर हा फेरबदलच नाही असं मांडता येईल. हौदा कापून छत वेल्ड केलं असेल, तर हा मुद्दा फार टिकेल असं मला वाटत नाही. तेव्हा मूळ हौदा परत बसवण्याचा विचार करा.

निकाल लागेपर्यंत गाडी रस्त्यावर काढू नका. कलम १८२अ खाली सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा प्रत्येक बदलामागे ५,००० रुपये दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं.

हौद्याचे आतून-बाहेरून फोटो, वजनकाट्याची पावती आणि आरसीवरचं रिकाम्या गाडीचं वजन टाका, म्हणजे अपिलात पहिला मुद्दा कोणता घ्यायचा ते सांगता येईल.