युरोपियन युनियन स्वतःचं एकत्रित सैन्य का उभं करत नाही?

प्रश्न असा आहे: "27 देश, एक बाजार, बहुतेकांचं एक चलन. मग एक सैन्य का नाही? आणि अमेरिकेने उद्या हात काढून घेतला, तर युरोपला ते किती दिवसांत उभं करता येईल?"

माणसं आहेत आणि पैसाही आहे. 27 देशांचा मिळून 2024 चा संरक्षण खर्च 343 अब्ज युरो होता. घोडं पेंड खातं ते दोन जागी. सैनिकाला पाठवण्याचा हुकूम कोणाच्या सहीने निघणार आणि त्याचं बिल कोण भरणार? बाकीच्या बहुतेक अडचणी इथूनच फुटतात.

युनियनच्या 'बॅटलग्रुप'चंच बघा. साधारण 1500 सैनिकांची तुकडी, निर्णय झाल्यापासून 10 दिवसांत मोहिमेवर हजर, 30 दिवस स्वतःच्या रसदीवर तग धरणार, रसद पोचत राहिली तर 120 दिवस. जानेवारी 2007 पासून वेगवेगळ्या देशांच्या अशा तुकड्या पाळीपाळीने सज्ज ठेवल्या जातात. आजवर एकही मोहिमेवर गेलेली नाही. याचं मोठं कारण खर्चाचा नियम आहे: ज्याच्या तुकडीवर खर्च पडेल तो त्याने सोसायचा. मुख्यालय वगैरे सामायिक खर्चाचा छोटा हिस्सा सगळे मिळून देतात. इंधन, विमानं, सैनिकांचे भत्ते त्या पाळीतल्या देशांच्या गळ्यात. पाळी कोणाची हे कॅलेंडर ठरवतं, संकट कुठे येईल हे कोणी ठरवत नाही. म्हणजे ज्या देशाचा त्या संकटाशी काडीचा संबंध नाही, त्याने स्वतःची माणसं आणि स्वतःचा पैसा घालायचा. अशा वेळी त्या देशाचा अर्थमंत्री काय म्हणेल ते सांगायला नको.

त्याआधी सह्यांची रांग असते. मंत्री परिषदेत एकमत लागतं. एखादा देश तटस्थ राहू शकतो, पण एक ठाम 'नाही' पुरतो. मग मोहिमेची संकल्पना, मग सविस्तर योजना, मग कोण काय देणार हे ठरवायची बैठक, आणि यातल्या कागदांवर पुन्हा मंजुऱ्या. त्यानंतर देशोदेशीच्या संसदा. जर्मनीत 1994 च्या घटना न्यायालयाच्या निकालानुसार सशस्त्र मोहिमेला बुंडेस्टागची, म्हणजे तिथल्या संसदेची, संमती लागते. आयर्लंडमध्ये 12 पेक्षा जास्त सैनिक अशा मोहिमेवर पाठवायचे तर संयुक्त राष्ट्रांचा ठराव, सरकारचा निर्णय आणि संसदेची मंजुरी अशी तीन कुलपं आहेत (ती सैल करण्याच्या हालचाली चालू आहेत). यात युनियनच्या कराराचं कलम 41 मिळवा: लष्करी मोहिमांचा खर्च युनियनच्या बजेटमधून करता येत नाही. म्हणून युक्रेनला शस्त्रं द्यायला 'युरोपियन पीस फॅसिलिटी' हा बजेटबाहेरचा निधी वापरावा लागला, आणि तिथेही हंगेरीने महिनोन् महिने पैसे अडवून धरले.

एकदा हे सगळं जवळजवळ जमलं होतं. फ्रान्सच्या प्लेव्हेन सरकारने 1950 मध्ये एकत्रित सैन्याची योजना मांडली आणि 27 मे 1952 रोजी पॅरिसमध्ये सहा देशांनी करार केला: सामायिक बजेट, सामायिक गणवेश, पश्चिम जर्मनीचे सैनिकही त्यातच. पण 30 ऑगस्ट 1954 रोजी फ्रान्सच्याच संसदेने 319 विरुद्ध 264 मतांनी तो गुंडाळला. पुढच्या वर्षी पश्चिम जर्मनी नाटोत गेला आणि कामाची वाटणी कायमची ठरली: लढाई नाटोकडे, बाजार ब्रुसेल्सकडे (म्हणजे आजच्या युनियनकडे). 1999 मध्ये हेलसिंकीला युनियनच्या बैठकीत 60 दिवसांत 60,000 सैनिक हलवण्याचं लक्ष्य ठरलं. आजचं लक्ष्य 5000 चं आहे. आकड्याची ही घसरणच बरंच काही सांगते.

आता जरा दारूगोळ्याकडे येऊ, कारण 'एक सैन्य' म्हणजे काय हे इथे नीट दिसतं. 155 मिमी तोफगोळा कागदावर सगळ्यांचा सारखा आहे. प्रत्यक्षात एका बारासाठी चार वस्तू लागतात: गोळा, फ्यूज (गोळा कधी फुटावा हे ठरवणारा भाग), प्रणोदक चार्ज (गोळा फेकणारी दारू) आणि प्रायमर (ती दारू पेटवणारा). जर्मन पीझेडएच 2000, फ्रेंच सीझर, पोलिश क्राब, स्वीडिश आर्चर, स्लोव्हाक झुझाना 2 या सगळ्या 155 मिमीच्या, 52 कॅलिबर नळीच्या (म्हणजे नळीची लांबी व्यासाच्या 52 पट) तोफा. तरी एका देशाचा गोळा दुसऱ्याच्या तोफेत बसला म्हणून काम झालं असं नाही. त्या गोळा-चार्ज जोडीचे मारा-तक्ते (किती कोनात डागला तर किती लांब पडेल याचे आकडे) तोफेच्या संगणकात हवेत, नाहीतर गोळा भलतीकडे पडतो. आर्चरसारख्या तोफेत गोळे यंत्र भरतं. लांबी किंवा वजन थोडं वेगळं असलं की यंत्र अडतं. आणि प्रमाणपत्र प्रत्येक देश आपापलं देतो; ते नसलेला दारूगोळा वापरला तर तोफ बनवणारी कंपनी हात झटकते. इटलीचे माजी पंतप्रधान मारिओ द्राघी यांच्या युनियनसाठीच्या 2024 च्या अहवालात नोंद आहे की युरोपीय देशांनी आपल्या साठ्यातून युक्रेनला 10 प्रकारच्या हॉवित्झर तोफा दिल्या आणि त्यातून पुरवठ्याचा मोठा गुंता झाला. मार्च 2023 मध्ये युनियनने युक्रेनला 12 महिन्यांत 10 लाख गोळे देण्याचं वचन दिलं होतं; मुदत संपली तेव्हा जेमतेम निम्मे पोचले होते.

वाहतुकीचं दुखणं वेगळंच. युरोपात ट्रकभर टोमॅटो न थांबता सीमा ओलांडतात, रणगाड्याला परवाना लागतो. युरोपियन लेखापरीक्षकांच्या 2025 च्या अहवालानुसार एक सदस्य देश 45 दिवस आधी सूचना मागत होता, आणि रस्त्याच्या वजनमर्यादेमुळे एका देशाचे रणगाडे दुसऱ्यातून जाऊ शकले नव्हते. लेपर्ड 2 सारखा रणगाडा 60 टनांच्या वर. ट्रेलरवर चढवला की अनेक जुन्या पुलांना तो झेपत नाही. मग रेल्वे. पण पोलंडपर्यंत रुळांची रुंदी 1435 मिमी आणि लिथुआनियापासून पुढे मुख्यतः 1520 मिमी, म्हणजे सगळं उतरवून पुन्हा चढवा. बाल्टिक देशांतून जाणारा 1435 मिमी रुळांचा 'रेल बाल्टिका' मार्ग पूर्ण झाल्यावर हा त्रास कमी होईल.

मग काहीच होत नाही का? होतं, आणि माझ्या मते खरी गंमत तिथेच आहे. मोजके देश एकच नेमकी वस्तू सामायिक करतात तेव्हा काम चोख होतं. नेदरलँड्समधल्या आइंडहोव्हनला 2010 पासून सात देशांचं हवाई वाहतूक कमांड आहे. मालवाहू आणि टँकर विमानं देशांचीच, उड्डाणांचं नियोजन मात्र एकत्र. कोणालाही आपलं विमान कधीही परत मागता येतं. हिशोब पैशांत होत नाही, उड्डाणतासांत होतो: सी-130 चा एक तास म्हणजे एक एकक. मोठ्या विमानाचा तास घेतला तर जास्त एककं फेडायची.

बेल्जियम आणि नेदरलँड्सच्या नौदलांचं मुख्यालय डेन हेल्डरला एकच आहे. फ्रिगेट युद्धनौकांचं प्रशिक्षण आणि देखभाल डच बघतात, सुरुंगशोधक जहाजांचं बेल्जियन. जहाज युद्धात उतरवायचं की नाही हे मात्र ज्याचं त्याने ठरवायचं. नेदरलँड्सच्या तिन्ही लढाऊ ब्रिगेड आता जर्मन डिव्हिजनांना जोडलेल्या आहेत, आणि 414 क्रमांकाच्या रणगाडा बटालियनमध्ये जर्मन व डच सैनिक एकत्र असतात. 'युरोपियन आर्मी'चे फलक न लावता हे चाललं आहे, म्हणूनच चाललं आहे असं मला वाटतं.

समुद्रावरची युनियनची चाचेविरोधी 'अटालांटा' मोहीम 2008 पासून चालू आहे. आपल्याकडे आठवत असेल, डिसेंबर 2023 मध्ये पळवलेलं 'रुएन' जहाज मार्च 2024 मध्ये भारतीय नौदलाने सोडवलं आणि 35 चाचे मुंबई पोलिसांच्या ताब्यात दिले. अपहरणानंतर अटालांटाचं जहाजही त्यावर पाळत ठेवून होतं. तुलना थोडी अन्यायाची आहे, परिस्थिती वेगळी होती. पण एका सरकारचा एक हुकूम असला की साखळी किती आखूड होते ते यातून कळतं.

नव्या पैशांबद्दल थोडक्यात. युनियनच्या 2025 च्या 800 अब्ज युरोंच्या संरक्षण घोषणेतले साधारण 650 अब्ज म्हणजे देशांना तुटीच्या नियमातून दिलेली सूट. तो पैसा देशांनीच उभा करायचा. नव्याने युनियनच्या नावावर काढलेलं कर्ज 'सेफ' योजनेचं, 150 अब्ज. मुदत 45 वर्षांपर्यंत, मुद्दलाला 10 वर्षं सवलत, आणि खरेदीतल्या बाहेरच्या देशांच्या सुट्या भागांचं मूल्य 35 टक्क्यांच्या आत. म्हणजे पैशातून कारखाने जवळ येतील. सैन्य त्यातून जन्मणार नाही.

राहिला अमेरिकेचा भाग. सैनिकांपेक्षा तिथून येणारे उपग्रह, हवेत इंधन भरणारी विमानं, लांब पल्ल्याचा मारा आणि बेल्जियममधल्या मॉन्सचं नाटोचं लष्करी मुख्यालय यांची जागा भरणं अवघड आहे. स्वतःची अण्वस्त्रं युनियनमध्ये फक्त फ्रान्सकडे, आणि त्यांचा निर्णय फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षांचा.

किती दिवसांत, याचं उत्तर एका ब्रिगेडवरून काढा. जर्मनीने जून 2023 मध्ये लिथुआनियात कायमची ब्रिगेड ठेवायचं जाहीर केलं: 45 वी चिलखती ब्रिगेड, सुमारे 4800 सैनिक. एकच देश, एकच सैन्य, एकच संसद. तरी छावण्या, घरं, सैनिकांच्या मुलांच्या शाळा हे सगळं उभारून ती पूर्ण सज्ज होण्याची मुदत 2027 च्या अखेरीची आहे.