दे सिका : आधी नट, मग दिग्दर्शक

प्रश्न : ‘बायसिकल थीव्ह्ज’चे दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सिका मुळात नट होते, हे खरे आहे का? दिग्दर्शक झाल्यावर त्यांनी अभिनय सोडला का?

उत्तर : होय, ते मुळात नटच होते. रंगभूमीवरून आलेले दे सिका १९३२ मध्ये मारियो कामेरिनी यांच्या एका विनोदी चित्रपटामुळे इटलीचे लाडके, गाणारे नायक झाले, आणि दिग्दर्शनाकडे ते १९४० मध्ये वळले. पटकथाकार चेझारे झावात्तिनी यांच्या साथीने त्यांनी युद्धोत्तर इटलीतील दारिद्र्य पडद्यावर आणले. ‘बायसिकल थीव्ह्ज’साठी (१९४८) हॉलिवूडचा एक निर्माता पैसे द्यायला तयार होता, परंतु नायक कॅरी ग्रँट असावा ही त्याची अट दे सिकांनी नाकारली आणि ती भूमिका एका कारखान्यातील कामगाराला दिली. स्वतः देखणा नट असलेल्या माणसाने हे करावे, यातच त्यांची दृष्टी दिसते. १९५२ च्या मुंबईतील चित्रपट महोत्सवात हा चित्रपट दाखवला गेला.

अभिनय मात्र त्यांनी कधीच सोडला नाही. त्यांनी दिग्दर्शित केलेले ‘उम्बेर्तो डी.’सारखे चित्रपट इटलीत फारसे चालले नाहीत, शिवाय जुगाराचे व्यसन होते, त्यामुळे पैशासाठी त्यांनी किरकोळ भूमिकाही केल्या. तरी १९५९ मधील दिग्दर्शक रोस्सेलिनींच्या ‘जनरल देल्ला रोव्हेरे’मधला त्यांचा भामटा अवश्य पाहावा.