रशियन म्हणीतला ‘यूरीचा दिवस’ म्हणजे नेमकं काय?

ठरलेली गोष्ट ऐनवेळी फिसकटली की रशियन माणूस ‘वोत तिब्ये, बाबुश्का, इ यूर्येव द्येन’ म्हणतो. म्हणजे ‘घे आजी, हा तुझा यूरीचा दिवस!’ असं का म्हणतात आणि हा यूरी कोण, असं तुम्ही विचारलंय.

यूरी म्हणजे संत जॉर्ज. गेओर्गी, यूरी, येगोर ही सगळी त्याचीच रशियन नावं. म्हणीतला दिवस जुन्या ज्युलियन पंचांगातल्या 26 नोव्हेंबरचा. कीव्हच्या यारोस्लाव राजाने या संताचं चर्च बांधलं, त्याची ही आठवण. खरं महत्त्व मात्र शेतीमुळे आलं. तोवर पीक घरात आलेलं असे, देणीघेणी मिटलेली असत. म्हणून तिसऱ्या इव्हानच्या 1497 च्या कायद्याने कुळांना जमीनदार बदलायची मुभा दिली ती या दिवसाच्या आधीचा एक आणि नंतरचा एक आठवडा. तीही राहिलेल्या घराचे पैसे भरून. 1580 च्या दशकात ‘यंदा जायचं नाही’ अशी फर्मानं निघू लागली. 1649 च्या कायद्याने शेतकरी जमिनीला कायमचाच जखडला. कुळांची सुटका गेली, टोमणा तेवढा उरला.

मला स्वतःला याच संताचा दुसरा, वसंतातला दिवस जास्त भावतो. जुना 23 एप्रिल, आताचा 6 मे. हिवाळाभर गोठ्यात कोंडलेली गुरं या दिवशी पहिल्यांदा रानात सोडत, तीही चर्चमध्ये मंतरून आणलेल्या विलोच्या फोकांनी हाकत. पहाटेचं दव औषधी मानत. इथे दंतकथेतला ड्रॅगन मारणारा वीर जॉर्ज जवळपास विसरला जातो आणि उरतो लांडग्यांचा धनी. ‘लांडग्याच्या दातात जे आहे ते येगोरनेच दिलेलं’ अशी म्हणच आहे. मग गाऱ्हाणं लांडग्याकडे कशाला, थेट त्याच्या मालकाकडेच! वाघबारशीला वाघोबापुढे हात जोडणाऱ्या नगरकडच्या अकोले तालुक्यातल्या गुराख्याला हे वेगळं समजवायला नको.

बल्गेरियात हाच गेर्ग्योवदेन: घरोघरी कोकरू भाजतात, शिवाय तो सैन्याचाही दिवस. कॅथलिक क्रोएशियात 23 एप्रिललाच एका पोराला हिरव्या डहाळ्यांनी मढवून ‘हिरवा युराय’ म्हणून दारोदार फिरवत. सर्बियातल्या जुर्जेवदानची गंमत निराळी. तुर्की अमलातले बंडखोर हायदुक या दिवशी रानात जमत, कारण आता लपण्यापुरती पालवी फुटलेली असे. पानं झडली की मित्रोवदानला, म्हणजे 8 नोव्हेंबरला, पांगून आपापल्या आसऱ्याला जात.