वाचकांचे प्रश्न : खरी क्लिपही ‘डीपफेक’ ठरवली तर?

प्रश्न : अडचणीत आलेला माणूस हल्ली खऱ्या रेकॉर्डिंगलाही ‘डीपफेक’ (एआयने बनवलेली बनावट क्लिप) म्हणून मोकळा होतो. मग क्लिप तपासायची कशी? आणि आपल्याकडचं रेकॉर्डिंग खरं आहे हे दाखवायचं कसं?

उत्तर : नेमकं दुखणं हेच आहे. ‘काहीही बनावट असू शकतं’ हे एकदा मनात बसलं, की खरा पुरावाही सहज झटकता येतो. रॉबर्ट चेस्नी आणि डॅनिएल सिट्रॉन या कायद्याच्या अभ्यासकांनी याला ‘खोटारड्याचा लाभांश’ म्हटलं आहे.

उदाहरणार्थ, आफ्रिकेतल्या गॅबन देशाचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष अली बोंगो आजारपणामुळे काही महिने लोकांसमोर आले नव्हते. २०१८ संपता संपता त्यांचं नववर्षाचं भाषण प्रसारित झालं. चेहरा ताठर, पापण्या फारशा लवत नव्हत्या. ‘हा डीपफेक आहे’ अशी चर्चा पसरली आणि ७ जानेवारी २०१९ रोजी काही सैनिकांनी बंडाचा प्रयत्न केला. बोंगोंना पक्षाघात झाला होता. व्हिडिओत फेरफार झाल्याचा पुरावा कधीच मिळाला नाही.

म्हणून नुसता चेहरा निरखून निकाल देऊ नका. ओठांचं मात्र बघा. प, ब, म उच्चारताना ओठ मिटावेच लागतात. व्हिडिओ पाव वेगाने चालवा. या अक्षरांना ओठ वारंवार उघडेच राहत असतील तर संशय घ्यायला जागा आहे. आवाज सुरुवातीपासून शेवटपर्यंत सारखाच मागे पडत असेल, तर तो बहुधा फाइलमधला दोष. आणि ओठ बरोबर जुळले म्हणून क्लिप खरी ठरत नाही, हेही तितकंच पक्कं.

खरं काम क्लिपचा उगम शोधण्याचं. तीन-चार ठळक फ्रेमचे स्क्रीनशॉट घेऊन उलट प्रतिमाशोध करा, म्हणजे चित्र टाकून ते आधी कुठे आलंय ते इंटरनेटवर शोधा. सगळ्यांत जुनी आणि सगळ्यांत लांब प्रत मिळवा. कापलेल्या वाक्याचा उलगडा बहुतेकदा तिथेच होतो. त्याच प्रसंगाचं दुसऱ्या कोनातून केलेलं चित्रीकरण मिळालं तर फारच उत्तम. डीपफेक ओळखणाऱ्या डिटेक्टरने ‘८० टक्के बनावट’ असं सांगितलं तरी तो निवाडा समजू नका. ही साधनं ठरावीक नमुन्यांवर शिकलेली असतात. नवीन पद्धतीची नक्कल त्यांना चकवते, आणि फॉरवर्ड होताना फाइलचा आकार कमी केला गेला की बारीक खुणा पुसल्या जातात.

तुमचं स्वतःचं रेकॉर्डिंग असेल तर मूळ फाइलला हात लावू नका. ट्रिम नको, फिल्टर नको. मेसेजिंग अ‍ॅपवर व्हिडिओ म्हणून पाठवलं की दर्जा घटतो आणि तारीख, उपकरण वगैरे नोंदी गळतात. त्यामुळे डॉक्युमेंट म्हणूनच पाठवा. शक्यतो त्याच दिवशी फाइलचा एसएचए-२५६ हॅश (फाइलमधल्या मजकुरावरून काढलेला, बोटाच्या ठशासारखा आकडे-अक्षरांचा कोड) काढून विश्वासू व्यक्तीला ईमेल करा. फाइलमधला एक बिट बदलला तरी हॅश बदलतो. हॅश काढण्याआधी फाइलमध्ये काय बदल झाले हे हॅश सांगत नाही, पण ईमेलच्या तारखेनंतर फाइलला कोणी हात लावलेला नाही, एवढं त्याने सिद्ध होतं. ज्या फोनवर रेकॉर्डिंग केलं तो फोनही विकू किंवा रीसेट करू नका.